काळ-कामाची गणिते आणि टिनाच्या शेडमधला संध्याकाळचा वर्ग

दिग्रस आणि दारव्हा यांच्या दरम्यान, मुख्य रस्त्यापासून थोड्या आत असलेल्या एका गावात एक निवृत्त शिक्षक आपल्या घरालगतच्या टिनाच्या शेडमध्ये संध्याकाळी सात ते साडेआठ या वेळात गणिताचा वर्ग घेतात. या वर्गाला फलक नाही, जाहिरात नाही आणि नावही नाही. गावात कोणालाही सरांची शिकवणी कुठे आहे असे विचारले, तर तो शेडपर्यंत आणून सोडतो. गेल्या वर्षी जुलै ते सप्टेंबर असे तीन महिने मी तिथे नियमित गेले. मी सरळसेवा भरतीची तयारी करत होते आणि माझी मुलगी पाचवीच्या शिष्यवृत्ती परीक्षेची, त्यामुळे आम्ही मायलेकी एकाच सतरंजीवर बसून बऱ्याचदा एकच गणित सोडवत होतो. तीन महिन्यांचे शुल्क माझे बाराशे रुपये आणि मुलीचे सहाशे रुपये होते. शेकडेवारी, सरळव्याज, नफा-तोटा हे सगळे तिथे शिकवले गेले आणि ते ठीक शिकवले गेले. परंतु हा वर्ग इतरांपेक्षा वेगळा ठरतो तो काळ, काम आणि वेग या एका प्रकरणामुळे. सरांनी त्याला तब्बल तीन आठवडे दिले, म्हणून या परीक्षणातही मी मुख्यतः त्याच प्रकरणाबद्दल लिहिणार आहे.

बारावीनंतर माझे गणित सुटले ते कायमचेच. लग्नानंतर दहा वर्षांनी पुन्हा पुस्तक हातात घेतले तेव्हा ‘अ एक काम १२ दिवसांत करतो, ब तेच काम ६ दिवसांत करतो’ अशी सुरुवात दिसली की मी तो प्रश्न सोडून पुढे जात असे. त्याआधी तालुक्याच्या गावातल्या एका मोठ्या वर्गात मी दोन महिने काढले होते. तिथे फळ्यावर सूत्रे लिहून दिली जात, ती आम्ही पाठ करत असू आणि प्रश्नातले शब्द जरा बदलले की कोणते सूत्र लावायचे हेच कळेनासे होई. सरांकडे गेले तेव्हा माझ्या मनात फारशी आशा नव्हती. त्यांचे गाव आमच्या गावापासून तीन किलोमीटरवर आहे आणि मुलीला एकटीला रात्री पाठवायचे नव्हते, हेच खरे कारण होते.

या प्रकरणाच्या पहिल्या दिवशी सरांनी फळ्यावर काहीच लिहिले नाही. त्यांनी विचारले की एका वावरातले निंदण, म्हणजे तण काढण्याचे काम, सासू एकटी १२ दिवसांत करते आणि सून एकटी ६ दिवसांत करते, तर दोघी मिळून किती दिवसांत करतील? मागच्या रांगेतल्या एका मुलाने १८ सांगितले, दुसऱ्याने सरासरी काढून ९ सांगितले. सरांनी कोणालाही चूक म्हटले नाही. त्यांनी एवढेच विचारले, की सून एकटी सहा दिवसांत उरकते, मग सासू सोबतीला आल्यावर नऊ दिवस कसे लागतील? वर्ग शांत झाला. मग ते आमच्या बोलीत म्हणाले, “दिवस जोडाचे नाहीत, काम जोडाचं.” पुढचे तीन आठवडे या एका वाक्यावर उभे होते असे मी म्हणेन. सहा आणि बारा हे आकडे समोर दिसतात म्हणून हात त्यांच्याकडेच जातो, पण दिवस हे त्या बायांचे काम नव्हे, ते त्यांच्या कामाला लागलेले मोल आहे. जो जास्त दिवस घेतो त्याचे दररोजचे काम कमी, आणि दोघांची बेरीज करायची असेल तर ती एकाच दिवसातल्या कामाची करता येते, हे मला त्या संध्याकाळी पहिल्यांदा समजले.

यानंतर त्यांनी जे केले ते मला कोणत्याही मार्गदर्शक पुस्तकात सापडले नव्हते. निंदणाला बसलेली बाई अंगावर काही ओळींचा पट्टा घेते आणि त्याला आपण पात म्हणतो, हे आमच्याकडच्या शाळकरी मुलालाही ठाऊक असते. सर म्हणाले की वावरात किती पाती आहेत हे प्रश्नात सांगितलेले नाही, म्हणजे ते ठरवायची मोकळीक आपल्याला आहे. मग १२ ला आणि ६ ला दोघांनाही भाग जाईल अशी संख्या घ्यावी. वावरात १२ पाती आहेत असे मानले. सासू बारा दिवसांत बारा पाती काढते, म्हणजे रोज १ पात. सून सहा दिवसांत बारा, म्हणजे रोज २ पाती. दोघी मिळून रोज ३ पाती काढतात, आणि बारा पातींना ४ दिवस लागतात. माझी दहा वर्षांची मुलगी हे तोंडी करू लागली. लसावि (लघुतम साधारण विभाज्य) म्हणजे काय हे तिला शाळेत शिकवले होते, पण तो कशासाठी काढायचा हे तिला त्या पातींनी सांगितले. अपूर्णांकांची रीतही सरांनी त्याच दिवशी शेजारी मांडली: एक दिवसाचे काम एकीचे १/१२, दुसरीचे १/६, बेरीज ३/१२ म्हणजे १/४, म्हणून ४ दिवस. दोन्ही रीती एकच आहेत, फक्त एकीत संपूर्ण कामाला १ मानले आहे आणि दुसरीत १२, हे त्यांनी ठासून सांगितले. माझ्या आधीच्या वर्गात या दोन रीती दोन वेगवेगळ्या प्रकरणांसारख्या शिकवल्या होत्या आणि त्यामुळेच माझा गोंधळ वाढला होता.

उत्तर काढण्याआधी त्याचा अंदाज बांधण्याची सवय ही या वर्गाची दुसरी मोठी देणगी आहे. दोन माणसे मिळून काम करत असतील, तर उत्तर वेगवान माणसाच्या दिवसांपेक्षा कमी आलेच पाहिजे. तसेच दोघेही वेगवान माणसासारखे असते तर त्याच्या निम्मे दिवस लागले असते आणि दोघेही हळू माणसासारखे असते तर त्याच्या निम्मे दिवस लागले असते. खरे उत्तर या दोन निम्म्यांच्या मध्ये कुठेतरी पडते. सासू-सुनेच्या उदाहरणात ते ३ आणि ६ यांच्या मध्ये असले पाहिजे आणि ते ४ आहे. परीक्षेत चार पर्याय दिलेले असताना या अंदाजाने बऱ्याचदा दोन पर्याय आकडेमोड न करताच गळून पडतात. पोलीस शिपाई भरतीची तयारी करणारी मुले वर्गात बरीच होती आणि त्यांच्या लेखी परीक्षेत ९० मिनिटांत १०० प्रश्न सोडवायचे असतात, म्हणजे एका प्रश्नाला ५४ सेकंद मिळतात. त्यांना ही रीत माझ्यापेक्षाही जास्त उपयोगी पडली असावी.

दुसऱ्या आठवड्यातल्या एका संध्याकाळचा उल्लेख मला सविस्तर करायचा आहे, कारण त्या दिवशी वर्ग गणिताच्या तासापेक्षा ग्रामसभेसारखा वाटला. सरांनी तेच निंदणाचे उदाहरण पुढे नेले आणि विचारले, की हे काम ३६०० रुपयांच्या ठेक्याने घेतले असेल तर कोणाला किती पैसे मिळावेत? पुस्तकी उत्तर सरळ आहे. चार दिवसांत सासूने ४ पाती काढल्या, सुनेने ८ काढल्या, म्हणून पैसे १ : २ या प्रमाणात वाटायचे, सासूला १२०० आणि सुनेला २४०० रुपये. यावर माझ्या शेजारी बसणाऱ्या एका ताईंनी हरकत घेतली. त्या म्हणाल्या की निंदणाला आम्ही रोजाने जातो, तेव्हा म्हाताऱ्या बाईलाही तोच रोज मिळतो आणि तरण्या बाईलाही तोच. दोघींनी चार-चार दिवस ऊन काढले आहे. एका मुलाने उत्तर दिले की सोयाबीनची सोंगणी, म्हणजे कापणी, ठेक्याने घेतली की जास्त सोंगणारा जास्त मागतोच. वीस मिनिटे हा वाद चालला आणि सरांनी तो थांबवला नाही. शेवटी त्यांनी फळ्यावर एकच शब्द लिहिला: ‘कशाला?’ पैसे दिवसाला आहेत की पातीला आहेत, हे ठरल्याशिवाय वाटणी करता येत नाही. रोजंदारीत दर दिवसाला असतो, ठेक्यात दर कामाला असतो, कापसाच्या वेचणीत दर किलोला असतो. एकक बदलले की न्यायाचे उत्तरही बदलते. परीक्षेत प्रश्नकर्त्याने ‘कामाच्या प्रमाणात’ असे गृहीत धरलेले असते, ते वाचकाने ओळखायचे असते. ही वीस मिनिटे अभ्यासक्रमाच्या हिशोबाने वाया गेली असे म्हणणारी मुलेही वर्गात होती, पण दर म्हणजे काय हे मला त्या वादात जितके कळले तितके शंभर गणितांनी कळले नसते.

कोणीतरी मध्येच काम सोडून जातो, अशा प्रकारच्या गणितांना फार वेळ लागला नाही. एक जण १० दिवसांत आणि दुसरा १५ दिवसांत करणार असलेले काम दोघांनी मिळून सुरू केले आणि चार दिवसांनी पहिला लग्नाला निघून गेला, तर ३० पाती मानायच्या. पहिल्याच्या रोज ३, दुसऱ्याच्या २, चार दिवसांत २० पाती झाल्या, उरलेल्या १० पाती दुसरा एकटा ५ दिवसांत काढतो, म्हणजे एकूण ९ दिवस. इतके दिवस मी ज्याला अवघड समजत होते ते एवढ्यात संपले. एक दिवस एकाने आणि दुसऱ्या दिवशी दुसऱ्याने काम करायचे, हा प्रकारही असाच सुटला.

जोड्यांचे गणित मात्र सगळ्यांना अडले. अ आणि ब मिळून १० दिवसांत, ब आणि क मिळून १२ दिवसांत, क आणि अ मिळून १५ दिवसांत काम करतात, तर तिघे मिळून किती दिवसांत करतील? काम ६० पातींचे मानले तर जोड्यांचे रोजचे काम ६, ५ आणि ४ पाती येते. त्यांची बेरीज १५ होते आणि आमच्यापैकी बहुतेकांनी ६० ला १५ ने भागून ४ दिवस असे उत्तर लिहिले. सरांनी तीन मुलांना उभे केले, तीनही जोड्या करायला लावल्या आणि प्रत्येक मुलगा किती वेळा मोजला गेला ते विचारले. प्रत्येक जण दोनदा आला होता. म्हणून १५ ही तिघांच्या कामाची दुप्पट आहे, तिघांचे खरे रोजचे काम साडेसात पाती आणि उत्तर ८ दिवस. पुढे एकट्या क चे काम काढायचे तर साडेसातातून अ आणि ब यांच्या ६ पाती वजा करायच्या, उरली दीड पात, आणि ६० पातींना क ला एकट्याला ४० दिवस लागतात. हे दृश्य माझ्या मुलीच्या इतके लक्षात राहिले की आजही ती असे गणित आले की बोटांची तीन माणसे करते.

आता ज्या ठिकाणी मला या वर्गाचे मनापासून कौतुक करावेसे वाटते आणि ज्या ठिकाणी माझी तक्रारही आहे, त्या भागाकडे येते. आपल्याकडच्या सरावाच्या पुस्तकांत एक ठरलेला प्रश्न असतो: ‘४ पुरुष किंवा ६ स्त्रिया एक काम १२ दिवसांत करतात, तर २ पुरुष आणि ३ स्त्रिया तेच काम किती दिवसांत करतील?’ रीत सोपी आहे. ४ पुरुष म्हणजे ६ स्त्रिया, म्हणून २ पुरुष म्हणजे ३ स्त्रिया. दोन्ही मिळून ६ स्त्रियांइतके काम झाले आणि उत्तर १२ दिवसच राहिले. मला अडचण उत्तराची नव्हती. अशा प्रश्नांत स्त्रीचे काम पुरुषापेक्षा कमीच का मानलेले असते, हा माझा प्रश्न होता आणि तो मी वर्गात विचारला. पऱ्हाटीच्या भर वेचाच्या दिवसांत मी स्वतः दिवसाला पंचेचाळीस किलो कापूस वेचते, आमच्या वस्तीत माझ्यापेक्षा जास्त वेचणाऱ्या बाया आहेत आणि घरातले पुरुष आमच्यासोबत वेचायला आले तर संध्याकाळी काट्यावर त्यांचे गाठोडे आमच्यापेक्षा हलके भरते. समान कामाला समान वेतन देण्याचा कायदा या देशात १९७६ साली झाला, तरीही मुले हे प्रमाण गणित म्हणून पाठ करतात आणि ते गणितासोबत मनातही बसते.

सरांनी माझे म्हणणे पूर्ण ऐकले. दुसऱ्या दिवशी त्यांनी वेचणीवरचे स्वतः तयार केलेले गणित आणले, ज्यात ३ बाया ४ पुरुषांइतका कापूस वेचत होत्या, आणि ते वर्गाकडून सोडवून घेतले. शिवाय त्यांनी समजावून सांगितले की या प्रकारातले प्रमाण हे दिलेली माहिती असते, ते निसर्गाचा नियम नसते. प्रश्नात दिले नसेल तर ते आपल्या मनाने घालायचे नाही. हे योग्यच झाले. पण त्यांच्या छापील टिपणांत त्या प्रकाराची अकरा गणिते आहेत आणि अकराही गणितांत स्त्रियांचा वेग कमी आहे. टिपणांची नवी प्रत काढताना त्यांनी यातली निम्मी तरी बदलावीत, अशी माझी त्यांना विनंती आहे आणि ती मी त्यांना प्रत्यक्षही केली आहे.

पाण्याच्या हौदाची गणिते ही याच प्रकरणाची दुसरी बाजू आहे, हे या वर्गात स्पष्टपणे सांगितले जाते. नळ हा मजूर आणि गळती हा उलट काम करणारा मजूर. मोटरपंपाने गुरांचा हौद ६ तासांत भरतो आणि तळाच्या भेगेतून भरलेला हौद १० तासांत रिकामा होतो, तर भेग न बुजवता तो भरायला किती वेळ लागेल? काम ३० भागांचे मानले तर पंप तासाला ५ भाग भरतो, भेग ३ भाग घालवते, उरतात २ भाग, म्हणून १५ तास. सरांनी पुढे विचारले की शेतीला सलग ८ तासच वीज मिळाली तर हौद किती भरेल? ३० पैकी १६ भाग, म्हणजे निम्म्याहून जरासा जास्त; आणि वीज गेल्यावर पंप थांबतो, भेग थांबत नाही. त्या १६ भागांना रिकामे व्हायला किती वेळ लागेल हे आम्ही घरी काढून आणायचे होते. उत्तर ५ तास २० मिनिटे येते. आमच्या घरी हे गणित माझ्या सासऱ्यांनी ऐकले आणि दुसऱ्या दिवशी सकाळी आमच्या खऱ्या हौदाची भेग सिमेंटने बुजवली.

याच ओघात सरांनी लीलावतीतले निर्झरांचे उदाहरण सांगितले. भास्कराचार्यांनी हा ग्रंथ ११५० साली लिहिला आणि त्यात चार झऱ्यांचे गणित आहे: एक झरा एकटा विहीर एका दिवसात भरतो, दुसरा अर्ध्या दिवसात, तिसरा एक तृतीयांश दिवसात आणि चौथा एक षष्ठांश दिवसात, चारही एकदम सोडले तर विहीर किती वेळात भरेल? पहिला दिवसाला १ विहीर भरतो, दुसरा २, तिसरा ३ आणि चौथा ६. मिळून दिवसाला १२ विहिरी, म्हणून एक विहीर दिवसाच्या बाराव्या भागात भरते, म्हणजे आजच्या हिशोबाने २ तासांत. वेळ उलटा केला की दर मिळतो, दरांची बेरीज होते आणि बेरीज उलटी केली की पुन्हा वेळ मिळतो, ही रीत इतकी जुनी आहे हे ऐकून मला वेगळाच धीर आला. ज्या गोष्टीला मी परीक्षा घेणाऱ्यांनी काढलेली अडचण समजत होते, ती माणसांनी शेकडो वर्षे आवडीने सोडवलेली गोष्ट निघाली.

तिसऱ्या आठवड्यात मजूर, तास, दिवस आणि क्षेत्र हे चारही एकत्र असलेली गणिते आली. १२ मजूर रोज ८ तास काम करून ५ दिवसांत ८ एकर सोयाबीन सोंगतात, तर १५ मजूर रोज ६ तास काम करून १२ एकर किती दिवसांत सोंगतील? बाजारातल्या पुस्तकांत याला एक लांब सूत्र असते आणि त्यात कोणता आकडा वर आणि कोणता खाली हे परीक्षेच्या घाईत विसरते. सरांनी सूत्र न देता एका एकराचे मोल काढायला लावले. बारा गुणिले आठ गुणिले पाच म्हणजे ४८० मजूर-तास, ते ८ एकरांना लागले, म्हणजे एकरी ६० मजूर-तास. बारा एकरांना ७२० लागतील. पंधरा मजूर रोज सहा तास म्हणजे रोज ९० मजूर-तास मिळतात, म्हणून ८ दिवस. सप्तराशिक म्हणून जुन्या गणितात जे ओळखले जाते ते हेच, असेही त्यांनी सांगितले. ‘एकरी किती’ ही आपल्या कास्तकाराच्या तोंडातली भाषा आहे. बियाणे, खत, फवारणी, उतारा हे सगळे आपण एकरीच बोलतो. त्यामुळे वर्गातल्या ज्या मुलांना सूत्र कधी जमले नव्हते त्यांनाही हे पहिल्याच दिवशी जमले.

या गणितांच्या वरच्या ओळीत सर एक वाक्य लिहायला लावतात: ‘सर्वांचा वेग सारखा आहे आणि तो बदलत नाही असे मानू.’ सुरुवातीला मला ते निरर्थक वाटले. मग एका मुलाने विचारले की दुपारी दोन वाजता कोणी सकाळच्या वेगाने सोंगत नाही, आणि विहीर खोदताना आत चारच माणसे मावतात, तिथे चाळीस लावून दहापट लवकर कशी होईल? सरांचे उत्तर असे होते की म्हणूनच ते वाक्य लिहायचे. गणित खोटे नसते, ते आपण मानलेल्या गोष्टीइतकेच खरे असते, आणि काय मानले आहे हे लिहिलेले असले म्हणजे ते कुठे लागू पडत नाही हेही दिसते.

शेवटच्या पंधरवड्याबद्दल मात्र मी समाधानी नाही. परीक्षा जवळ आल्यामुळे आणि भरतीच्या मुलांनी आग्रह धरल्यामुळे सरांनी युक्त्या लिहून द्यायला सुरुवात केली. त्यातली पहिली युक्ती दोघांसाठीची: दिवसांचा गुणाकार भागिले दिवसांची बेरीज. १२ आणि ६ साठी ७२ भागिले १८ म्हणजे ४, हे बरोबर आहे. पण ती युक्ती का लागू पडते हे अर्ध्या वर्गाने ऐकलेच नाही, आणि पुढच्या सराव चाचणीत ४, ६ आणि १२ दिवस घेणाऱ्या तीन माणसांसाठी बऱ्याच मुलांनी तिघांचा गुणाकार भागिले तिघांची बेरीज केली. २८८ भागिले २२ म्हणजे १३ हून जास्त दिवस. यातला एक माणूस एकटाच चार दिवसांत काम संपवतो, हे कोणाच्या लक्षात आले नाही. पातींनी केले असते तर ३, २ आणि १ मिळून रोज ६ पाती आणि १२ पातींना २ दिवस, इतके ते सोपे होते. पहिल्या दिवशी उत्तराचा अंदाज बांधायला शिकलेली हीच मुले होती, ही गोष्ट मला फार लागली. युक्ती द्यायचीच असेल तर ती फक्त दोघांसाठी आहे असे तिच्यासोबत लिहून द्यावे, आणि तिघे असतील तर आधी दोघांचे उत्तर काढून मग तिसरा मिळवावा हेही करून दाखवावे.

दुसरी अडचण वर्गाच्या रचनेची आहे. पाचवीची मुले, आठवीची मुले, भरतीची मुले आणि माझ्यासारख्या बाया मिळून पन्नासच्या वर माणसे एका शेडमध्ये बसतात. जोड्यांचे गणित चालू असताना लहान मुले कंटाळतात आणि अपूर्णांकांची उजळणी चालू असताना मोठी मुले मोबाइल काढतात. जोराचा पाऊस आला की टिनावर असा आवाज होतो की पंधरा-वीस मिनिटे शिकवणे थांबवावे लागते, आणि आमच्या तीन महिन्यांत असे किमान आठ-दहा दिवस गेले. फळ्यावरचा दिवा समोरून चमकतो, त्यामुळे डाव्या बाजूला बसणाऱ्यांना अर्धा फळा दिसत नाही. उजव्या बाजूला, खांबाच्या पुढे जागा धरावी. छापील टिपणांची छपाई फिकट आहे आणि हौदाच्या सरावातल्या दोन गणितांची उत्तरे चुकीची छापली आहेत. आम्ही दाखवल्यावर सरांनी ती लगेच मान्य केली आणि सर्वांना दुरुस्त करायला सांगितली. वेळ लावून घेतलेल्या चाचण्या तीन महिन्यांत दोनच झाल्या. भरतीच्या मुलांसाठी हे फार कमी आहे.

ज्याला आठ दिवसांत शंभर युक्त्या हव्या आहेत, त्याने या वर्गाला जाऊ नये, तिथे त्याची निराशा होईल. ज्याला गणित वाचताच भीती वाटते, ज्याचे शिक्षण मध्ये तुटले आहे किंवा ज्याचे मूल शिष्यवृत्ती परीक्षेला बसणार आहे, त्याने अवश्य जावे. शिष्यवृत्तीच्या पहिल्या प्रश्नपत्रिकेत गणिताचे ५० प्रश्न असतात आणि त्या मुलांना अपूर्णांक व लसावि यांचा पाया इथे उत्तम मिळतो. शुल्क महिन्याला देता येते, आणि एका शेतमजूर आईच्या दोन मुलांकडून सरांनी एकाचेच घेतले हे मी पाहिले आहे. सोबत रेघांची मोठी वही न्यावी, कारण पाती आखायला जागा लागते. शेवटची एसटी सव्वाआठला निघून जाते, म्हणून बाहेरगावच्यांनी परतीची सोय आधी करावी. आम्ही चार घरच्या बाया आणि मुले मिळून एक ऑटो ठरवला होता.

पुढची तुकडी दिवाळीनंतर सुरू होणार आहे, आणि तोच कापूस वेचण्याचा हंगाम आहे. त्या दिवसांत वावरातून परतायला, कापसाचा काटा व्हायला आणि स्वयंपाक उरकायला साडेसात वाजतात, त्यामुळे सातच्या वर्गाला बायांना येता येत नाही. वर्ग आठ वाजता सुरू करावा असे आम्ही सात जणींनी सरांना सांगितले आहे. पाचवीच्या मुलांना सातलाच बोलवून, मोठ्यांना आठला घेता येईल का, याचा विचार करतो असे ते म्हणाले आहेत. तसे झाले तर दोन्ही गट आपोआप वेगळे होतील आणि मी पुन्हा नाव नोंदवीन.